पुलाजवळची टाचणी

— नाही हो, तुम्हाला कुठे बोल लावतेय? मीच मागे लागले होते तुमच्या, कॉम्प्युटरवर तो खेळातला वेग वाढवायचा प्रोग्रॅम टाका म्हणून. आता काढा तुमच्याच हातानं, म्हणजे झालं. बसा, ती कापडं सारा बाजूला. कसंय, लेक लांब राहतो — फोनवर आमचं "जेवलीस?" "जेवले" — संपलं! पण या खेळात बोलायचा तो. त्याची टोळी पुढे धावायची, मी मागे कासव — शिलाई मशीनवर ही बोटं वाऱ्यासारखी पळतात हो, पण या बटणांवर? ठार अडाणी! मग तो एकटा खेळातल्या त्या पुलाजवळ थांबायचा. आणि मी पोचेपर्यंत बोलत राहायचा — साहेब कसा टाकून बोलतो, खोलीत ओल कशी आलीय, ती मुलगी का सोडून गेली... फोनवर सांगितलं असतं का? छे!

मग एकदा त्या हेडफोनमध्ये टोळीतल्या एकाचं बोलणं ऐकलं मी — "तुझ्या आईपायी हरतो आपण." तो हसला. आता लेकाचं खोटं हसू आईला कळत नाही होय? म्हणून तर तुम्हाला बोलावलं. आणि काय पळाले हो मी! सगळ्यांच्या आधी पुलावर. "वा, आई!" म्हणाला — आणि तसाच पुढे गेला. थांबायचं कशाला आता? रोज पहिली यायची मी, आणि रोज मुकी.

टोळी म्हणाली, ही लबाडी आहे. तर हा भांडला माझ्यासाठी — "माझी आई? तिला मशीनवर बघा एकदा, मग बोला!" आणि दुसऱ्याच दिवशी खेळवाल्यांनी माझं खातं बंद केलं, कारणासकट, सगळ्यांना दिसेल असं. त्याचा फोन आला. रागावला असता तर बरं झालं असतं हो. मी खरं ते सांगून टाकलं, तर नुसतं "बरं" म्हणाला. त्यानंतर नाही आला फोन.

उघडलंत नवं खातं? नाव तेच ठेवा — टाचणी. त्यानंच ठेवलंय. आणि वेग नको, अजिबात नको! द्या इकडे... हं, चालतेय. ही टेकडी. तो पूल — कुणीतरी उभं आहे! — नाही, खांब आहे तो.

असू दे. थांबते मी. तो नाही का रोज थांबायचा?

या तुम्ही आता. आणि दार हळू ओढा — बोलला तर ऐकू यायला हवं.