गाडीमागचा दिवा

लेक : असं पाठ फिरवून बसू नका, बाबा. प्रदर्शनवाल्या बाईंना आज नाव कळवायचंय. ‘निरोप’ काय वाईट आहे?

बाबा : वाईट नाही. खोटं आहे.

लेक : सगळ्या चित्रांत तेच तर आहे. रात्र, रिकामा फलाट, लांब जाणारी गाडी आणि तिच्यामागचा तो लाल दिवा. बाई म्हणाल्या, विरह असा कुणी रंगवलेला नाही. डोळे भरून आले होते त्यांचे.

बाबा : पाणी द्यायचंस त्यांना. विरह कसला डोंबलाचा.

लेक : मग आज विचारूनच टाकते. आईच्या आधी तुमची कुणीतरी होती. ती रात्रीच्या गाडीनं निघून गेली, आणि तिचं दुःख तुम्ही आईच्या डोळ्यांदेखत भिंतीवर टांगत राहिलात.

बाबा : हे तुला कुणी सांगितलं?

लेक : सांगायला कशाला हवं? चित्रं दिसत होती की. म्हणून तर मी तुमच्याशी कधी धड बोलले नाही. आईला एकदा म्हटलं, तर ती पोट धरून हसली. म्हणाली, बाबांनाच विचार.

बाबा : आणि तू विचारलं नाहीस.

लेक : धीर झाला नाही.

बाबा : अगं वेडे, तुझी आई टेलिफोनच्या कचेरीत दुसऱ्या पाळीला. शेवटच्या गाडीनं यायची. तू गाढ झोपलेली असायचीस, शेजारच्या काकू तुझ्याजवळ. मी तिला आणायला जायचो.

लेक : ते ठाऊक आहे मला.

बाबा : ती उतरायची, पिशवी माझ्याकडे द्यायची आणि चपला काढून बाकावर टेकायची. मग गाडी हलायची. गाडी गेली, की फलाटावर आम्ही दोघंच. तो दिवा दिसला म्हणजे तुझी आई आली. इतकी वर्षं तेच काढत होतो मी.

लेक : पण चित्रात ती कुठंच नाही.

बाबा : कशी असेल? ती माझ्या शेजारी बसलेली असायची.

(लेक उठून चित्रांजवळ जाते.)

लेक : आईला हे माहीत होतं.

बाबा : सगळं. कधी कधी म्हणायची, आज दिवा जरा मोठा काढा, फार दमलेय.

लेक : आणि खिडकीपाशी ठेवलंय ते? त्यात दिवाच नाही.

बाबा : तुझी आई गेल्यावर काढायला घेतलं. गाडी झाली, रूळ झाले, दिव्यापाशी हात अडला. दिवा काढायचा तर कुणीतरी उतरायला हवं. आता कोण उतरणार? ब्रश धुऊन ठेवला तो ठेवलाच.

लेक : मी दर खेपेला दुपारच्या बसनं येते आणि संध्याकाळी परत पळते.

बाबा : तुला कामं असतात. मी कधी काही म्हटलंय?

लेक : म्हणायला हवं होतंत. बाईंना कळवते, एक चित्र बाकी आहे, जरा थांबा. शनिवारी ऑफिस सुटल्यावर मला रात्रीची गाडी मिळते.

बाबा : नको गं. फार उशीर होतो. दमशील.

लेक : दमले तर दमले. तुम्ही याल ना घ्यायला?

बाबा : शेवटच्या डब्यात बस. फाटक तिथंच आहे, मला हल्ली लांब चालवत नाही.