जिन्याची पहिली पायरी

मोबाईल दुरुस्तीच्या दुकानात माझ्यापुढे उभ्या असलेल्या वृद्ध गृहस्थांनी फोन आणि पेनड्राइव्ह काउंटरवर अतिशय हळुवार ठेवले. पलीकडच्या बाईंनी हातातलं काम बाजूला सारलं.

"ताई, हा ठोकळ्यांनी घरं बांधायचा खेळ. कॉम्प्युटरवरचा. तोच फोनवर हवाय."

"फोनसाठी वेगळा मिळतो की, काका."

"तोच घातला होता मी. उघडला तर नुसतं माळरान! हिला वाटलं, मीच तिचं घर पुसलं. दोन दिवस बोलली नाही."

"काकूंनी बांधलंय?"

"चार वर्षं बांधत होती. खऱ्या घराचा योग काही आला नाही आमचा. यात मला जिन्याखालची खोली दिलीय, घोरतो म्हणून. आता अर्धांगानं अंथरुणाला खिळलीय. कॉम्प्युटरपुढे बसवत नाही. घर या पेनड्राइव्हमध्ये आहे."

"कॉम्प्युटरवरचाच घालून देते. फोन तापेल, अडखळेलही. पण घर उघडेल... हे बघा, आलं."

"हाच! हाच तो जिना."

"डाव्या अंगठ्यानं चालायचं, उजव्यानं वळायचं."

"डावा हात गेलाय तिचा."

"थांबा मग. सगळी बटणं उजवीकडे आणते, मोठी करते. एका अंगठ्यात भागेल... घ्या, चालून बघा."

"नको, नको! आत्ता ती कुठं उभी आहे?"

"पहिल्या पायरीवर. शेवटी खेळ बंद केला तेव्हा होत्या, तिथंच."

"मग राहू दे तिथंच. पुढचं पाऊल तिचं तिलाच टाकू दे."