काळा पट्टा

लोकांची बिंगं फोडणारे माहितीपट करतो, याचा मला फार तोरा होता बघा. तो उतरवला सखूमावशींनी.

वैरागजवळच्या त्यांच्या गावात पाण्याचे टँकर फक्त कागदावर यायचे. कॅमेऱ्यासमोर तसं बोलल्या एकट्या मावशी. त्यांना त्रास नको, म्हणून मी त्यांच्या चेहऱ्यावर काळा पट्टा टाकला. ठेकेदार मात्र "रोज पाठवतो की" म्हणत हसताना स्पष्ट दिसत होता.

फिल्म गावातच दाखवली. संपताच मावशी पुढे आल्या.

"माजं तोंड का झाकलंस?"

"कुणी ओळखू नये म्हणून, मावशी."

"आवाजावरनं समद्यांनी वळखलं की! खोटं बोलला त्याचं तोंड उजळ, आन् खरं बोलले तर माजं काळं केलंस व्हय रं?"

"काढू का पट्टा?" मी विचारलं. त्यांना काय हवंय, हे विचारायची ती माझी पहिलीच वेळ होती.