मागच्या रांगेतले क्रूस

नाही, नाही, बाई, तिकडे लगेच नका जाऊ, त्या रांगेत बघण्यासारखं आता काही उरलेलं नाही – म्हणजे जा, तुमच्या पणजीची जागा आहे, मी कोण अडवणारा – पण आधी दोन घोट कॉफी घ्या. बसा इथे, गाडीच्या मागच्या फळीवर. मळकी आहे, पण मोडणार नाही. माझी बायको असती तर तिनं आधी काहीतरी अंथरलं असतं. ती पुढच्या रांगेत आहे, तो पांढरट दगड दिसतो ना, तो तिचा.

हो, बॅरो स्प्रिंग हेच. एवढंच. लोक गाडी हळू करून विचारतात, गाव कुठे आहे, आणि मी सांगतो, तुम्ही आत्ता ओलांडलंत तेच. सरकारी कागदावर आम्ही गावच नाही – नगराध्यक्ष नाही, पोलीस नाही, कुठे सुरू होतं नि कुठे संपतं तेही कुणी ठरवलेलं नाही. पूर्वी बरंच होतं. दगडाची खाण होती, गुरं चढवायला रेल्वेचा फाटा होता, शाळा होती, टपाल होतं. खाण संपली, मग गाडी थांबेना, मग शाळा गेली, शेवटी टपालही उचललं. आता चार घरं, एक चर्च आणि एक पत्र्याची शेड, तिच्यात आग विझवायचा टँकर. मग हे सगळं चालवतं कोण? कुणी नाही. ज्याला दिसलं त्यानं करायचं. रस्त्यावर झाड पडलं, ज्याला आधी दिसलं त्यानं कापायचं. मला ही दफनभूमी दिसली. तरुण होतो तेव्हापासून इथलं गवत कापतोय. कुणी नेमलं नाही, म्हणून कुणी काढूनही टाकत नाही.

तुमची पणजी, लुटिशिया पेटी – हो, मला नाव माहीत आहे, का नसणार – मागच्या रांगेत. काळ्या लोकांची घरं खाणीच्या पलीकडे होती, टेनेसीहून आलेले ते. जिवंतपणी पलीकडे, मेल्यावरही पलीकडेच. गंमत बघा – गंमत कसली – अख्खी खाण त्यांनी फोडली, पण दगड लागले पुढच्या रांगांना आणि त्यांच्या वाट्याला लाकडाचे क्रूस. पण लाकूड कसलं! इथे कुंपणाला लावतात त्या काटेरी झाडाचं. आतून पिवळंधमक. जमिनीत शंभर वर्षं ठेवा, कुजत नाही, वाळवी तोंड लावत नाही. माझ्या बापाच्या आधीपासून ते क्रूस उभे होते. कोरलेली नावं डोळ्यांना दिसायची नाहीत, बोट फिरवलं की लागायची. ते लाकूड एका गोष्टीलाच भितं. एकदा पेटलं की ऐकत नाही, फटाक्यासारखं तडतडतं.

तुम्हाला फोनवर आमच्या चर्चचं बघणाऱ्या मेव्हिसनं आगीचं सांगितलं ना? मग ओरिनचंही सांगितलं असेल. ती सांगणारच. तर कसं आहे – दर वसंतात आम्ही कुरणं जाळतो. शहरातली माणसं ऐकून दचकतात, पण जुनं गवत जळाल्याशिवाय नवं वर येत नाही, मग गुरं खाणार काय? ज्याला जाळायचं त्यानं आधी सगळ्यांना कळवायचं, सगळ्यांनी पाणी घेऊन जायचं, वारा बघायचा, आणि एकट्यानं काडी ओढायची नाही. ते तर मुळीच नाही. कुठे लिहिलेलं नाही, पण आमच्या गावाला कायदा म्हणून एवढा एकच आहे. आणि ओरिन सगळ्यात सांभाळून वागणारा, टँकर तोच चालवायचा. त्या दिवशी त्याचं कुरण जाळायचं होतं – हे, या भिंतीपलीकडचं. दुपारी वारा थोडा फिरला. संध्याकाळी बघतात तर मागची रांग काळी. सगळे म्हणाले, ठिणगी उडाली. ओरिन स्वतःच म्हणाला. रविवारी चर्चमध्ये उभा राहिला, एवढा धिप्पाड माणूस, म्हणाला, माझ्या हातून झालं, आणि लहान पोरासारखा रडला.

मग काय, माणसं. वाईट नाहीत हो, पण चार घरांत बोलायला विषय तरी किती असणार? चर्चनंतर सगळे एकत्र जेवताना मेव्हिस म्हणते, "ओरिन, बटाटे कच्चेच राहिलेत रे. तू नुसता पलीकडच्या शेतात उभा राहा, इथे भाजून निघतील." सगळे हसले. मीही हसलो. तोंडात घास होता, तरी हसलो. पुढच्या रविवारी तो आला नाही. टँकरची किल्ली मेव्हिसच्या दारात ठेवून गेला. आता म्हणतो, गुरं विकतो, घर सोडतो, विचिटा शहरात लेकीकडे जातो. जायच्या आधी त्या रांगेसाठी दगड घडवतोय, जुन्या खाणीतून काढून, एकटाच. परवा मला म्हणाला, "व्हर्लिनकाका, कोण कुठे आहे ते तुम्हालाच ठाऊक. एकदा चला ना माझ्याबरोबर." मी म्हटलं, बघू, सवडीनं. मला सवड! मला सवडीशिवाय दुसरं काय आहे?

आणि तो उगाच जीव काढतोय. दुपारचा तो वारा म्हणजे काय, गवताचं पातं हलवील एवढा. त्यानं कुठली ठिणगी येते इथवर? आणि क्रूस तर सकाळीच –

कॉफी गार झाली तुमची. द्या, दुसरी ओततो.

नको?

असं बघू नका, बाई. हो, सकाळीच म्हणालो मी. गुडघे गेलेत माझे. त्या मागच्या चढावर यंत्र चढत नाही, विळा मारावा लागतो. वाटलं, एवढासा तुकडा जाळून टाकावा, दव पडलंय, बादलीभर पाणी आहे, सगळे तिकडे ओरिनच्या कामात, कशाला कुणाला हाक मारायची. मागच्या रांगेला तसंही कुणी येत नाही – हो, असंच वाटलं, तुमच्या तोंडावर सांगतो. बायकोच्या दगडाजवळ मी काडी ओढली नसती. तिथलं गवत मी हातानं उपटतो, दगडाला काळं लागू नये म्हणून. बादली ओतली, कोट काढून बडवलं, कोटही गेला. भिंतीपर्यंत जाऊन विझलं आपोआप. ओरिनच्या धुरात माझा धूर कुणाला दिसणार? घरी गेलो. सांगणारच होतो. पण संध्याकाळी मी तोंड उघडायच्या आत तो बोलून बसला, आणि मग रोज वाटतं, आज सांगू. त्याच्या फाटकापर्यंत जातो आणि गाडी वळवतो. हे गवत कापायचं काम काढून घेतील, मग मी सकाळी उठून जायचं कुठे? बघा, त्याचं घर चाललंय आणि मी हे बोलतोय.

तुमची पणजी डावीकडून तिसरी. नाही तर चौथी. त्या दोघींतली एक तिची बहीण आहे. मला वाटायचं सगळं पाठ आहे, पण ते क्रूस बघून पाठ होतं. आता नुसती राख बघितली की... नक्की नाही सांगता येत, बाई. ते तुमचंही गेलं माझ्याकडून.

तो धुरळा दिसतोय ना रस्त्यावर? ओरिनचीच गाडी. पेटींच्या घरचं कुणी आलंय, हे मेव्हिसनं कळवलं असणार. मागे दगड आहे, गाडी कशी खाली दबलीय बघा. उतरला. टोपी काढतोय. तुमची माफी मागायला येतोय तो.

ओरिन! टोपी घाल. घाल म्हणतो ना डोक्यावर. दगड राहू दे अजून गाडीतच. नाही, तू काही बोलायचं नाहीस, थांब तिथेच, मी येतो. – बाई, तुम्ही तुमच्या गाडीत जाऊन बसा थोडा वेळ. तुम्हाला सांगून झालं, आता त्याला सांगायचंय. काच वर घ्या.