भेसळ

पक्ष्यांच्या दवाखान्यात नावं लिहून घेणारे कंपाउंडर कुणाच्या बोलण्यात नाक खुपसणारे नव्हते. पण खिडकीसमोरच्या बाकावर एक भाऊ आणि त्याची थोरली बहीण कबुतराची टोपली मांडीवर घेऊन बोलत होती, आणि कान काही मिटून घेता येत नाहीत.

"किती राहिली?"

"ही एकटी. बाकीची एकोणीस कबुतरं साथीत आठवड्याभरात गेली. म्हटलं, हिला तरी तपासून घेऊ."

"एकूण एक गेली?"

"सगळी आपल्या त्या राजा कबुतराच्याच वंशातली, ताई. डॉक्टर म्हणाले, रक्त एकच, म्हणून एकाला बाधलं ते सगळ्यांना बाधलं. तग धरायला वेगळं कुणी नव्हतंच."

"मग ही कशी वाचली?"

"हिचा बाप रस्त्यावरचा. विसरलीस? तूच खुराड्याचं दार उघडं टाकलं होतंस."

"विसरेन कशी? त्या दारापायी तीन वर्षं माझ्याशी बोलला नाहीस."

"वीस वर्षं राखलेली जात होती गं."

"आणि या पिल्लाची मान मुरगळायला निघाला होतास."

"तू आडवी आलीस."

"आले खरी."

कंपाउंडरांनी वही पुढे ओढली. "पक्ष्याचं नाव?"

बहिणीने सांगितलं, "भेसळ. यानेच ठेवलंय."

"हेच लिहू?"

"लिहा." टोपलीवरचं फडकं सारखं करत भाऊ म्हणाला, "ताई, आज घरी चल. संध्याकाळी खुराड्याचं दार तू लाव. म्हणजे... लावायला विसर."