सव्वा वाटीचा शिरा

डेव्हन ॲव्हेन्यूवरच्या त्या स्वस्त दुकानात बिलाची रांग हलता हलत नव्हती. नेत्राच्या पुढे एक काका-काकू उभे होते, आणि इथे कुणाला मराठी कळतंय, अशा थाटात त्यांचं चाललं होतं. काकूंच्या हातात सरकारी अन्नमदतीचं कार्ड होतं. नेत्राने हातातल्या फोनकडे बघत कान मात्र तिकडेच लावले.

“रवा, साखर, तूप, केळी. सगळं कार्डावर बसतं. उदबत्ती तेवढी बसत नाही.”

“उदबत्तीचे मी कॅश देतो. पण सुहासिनी, सत्यनारायणाचा प्रसाद या कार्डावर करायचा?”

“का? देव काय पावती मागणार आहे?”

“देव नाही गं, सरकार. कार्ड फक्त घरच्यांच्या जेवणासाठी असतं.”

“मग घरचेच खातील की. सव्वा वाटीचा शिरा, दोघांत संपतो.”

“आणि दारात कुणी आलं तर? प्रसादाला नाही म्हणता येत नाही.”

“अहो, गेल्या वर्षी कोण आलं होतं?”

रांग एक पाऊल सरकली.

“काकू,” नेत्रा म्हणाली, “तीर्थप्रसाद किती वाजता आहे?”

दोघंही गर्रकन वळले.

“अगं बाई! तू मराठी? मघापासून ऐकतेयस?”

“हो.”

“मेले मी! उद्या संध्याकाळी सातला. इथून दोनच गल्ल्या पुढे. येशील?”

“येईन ना. रूममेटला आणू?”

काका तोवर रांगेतून बाहेरही पडले होते.

“सुहासिनी, सव्वा वाटी पुरायची नाही. जागा धर. रव्याचं अजून एक पाकीट आणतो. कॅशने!”