सणाआधीची फुलं

दुमक्याच्या बसथांब्यावर मैनो मुर्मूच्या पुढे मायलेकी उभ्या होत्या. आई दबक्या आवाजात बोलत होती, तरी मैनोला सगळं ऐकू येत होतं.

“केसात साल झाडाची फुलं? अजून बाहा सण व्हायचाय, देवाला फुलं वाहायचीत, झानो!”

“सरकारी कार्यक्रमात साहेबांनी माळायला लावली. पाहुण्यांपुढे नाचायचं होतं.”

“देवाच्या आधी तू माळलीस?”

“नको म्हटलं होतं गं. ते म्हणाले, फुलांशिवाय संथाळ वाटत नाहीस.”

“आणि पाहुणे?”

“त्यांनी टाळ्या वाजवल्या.”

“गावात कळलं तर सणाला तुला नाचू देणार नाहीत. काढ ती.”

“काढून टाकू कुठं? माणसांच्या पायाखाली येतील.”

आईने पदर पुढे धरला आणि तोंड फिरवलं.